स्टोअरमधले चार पलंग

मी आर्किटेक्ट नाही. हे आधीच सांगून टाकतो, कारण गावाकडं गेलो की लोक मला तसंच म्हणतात आणि मग चहा गार होईस्तोवर मी दुरुस्त करत बसतो. आर्किटेक्ट म्हणवून घ्यायला डिग्री लागते, सरकारदरबारी नोंद लागते. माझी शाळा नववीत सुटली. पण चंडीगडच्या आसपास ज्या गायकांची, नटांची, क्रिकेटवाल्यांची घरं लोक मोबाइलवर दोन बोटांनी मोठी करून बघतात, त्यातल्या बऱ्याच घरांच्या भिंती आधी माझ्या हातून कागदावर उतरल्या. घरं मॅडमची, रेघा माझ्या. बावीस वर्षं असंच चाललंय. या बावीस वर्षांत मी मॅडमना एकदाच नाही म्हणालो. तो दिवस पुन्हा आला तर पुन्हा तेच करीन.

आधी मॅडमबद्दल. त्यांचे वडील फौजेत कर्नल. मूळ गाव साताऱ्याकडं, शेवटची पोस्टिंग चंडीगडजवळच्या चंडीमंदिर छावणीत, आणि रिटायर झाल्यावर पंचकुल्यात घर बांधून इथलेच झाले. मॅडमचं लहानपण दर तीन वर्षांनी बदलणाऱ्या सरकारी क्वार्टरांत गेलं. त्या म्हणतात, "मी आर्किटेक्ट झाले, कारण मला भिंतीत खिळा ठोकायची कधी परमिशनच नव्हती." त्यांचं मराठी आईच्या स्वयंपाकघराएवढंच. भाज्यांची नावं, रागवायचे शब्द आणि "जेवलास का" एवढं पक्कं. त्यापुढं हिंदी सुरू होते, पण माझ्याशी बोललेलं मी इथं मराठीतच लिहितो.

सुरुवातीला त्या चंडीगडच्या सेक्टरांमधल्या जुन्या कोठ्यांची, म्हणजे बंगल्यांची, स्वयंपाकघरं वाढवून द्यायच्या. मग एक नट आला, सिनेमात कायम वाईट माणसाचं काम करणारा. पडद्यावर घोड्यावरून उडी मारायचा आणि घरी दोन पायऱ्या चढताना कठडा धरायचा. गुडघे गेले होते, पण ते कुणाला कळायला नको होतं. मॅडमनी त्याला असं घर दिलं की फाटकापासून पलंगापर्यंत एक पायरी नाही. सगळीकडं हलका उतार, बागेतल्या वाटेसारखा. फोटोत कुणाच्या लक्षातही येत नाही. तो माणूस ज्याला भेटला त्याला मॅडमचं नाव सांगत सुटला, आणि आमच्या दारात काळ्या काचांच्या गाड्या लागायला लागल्या.

नव्या घराचं काम आलं की मॅडम आधी त्या माणसाच्या जुन्या घरी जाऊन एक अख्खी दुपार नुसत्या बसतात. बोलत नाहीत, वही काढत नाहीत. माणूस चपला कुठं काढतो, फोन कुठं ठेवतो, जेवायला खरंच कुठं बसतो ते बघतात. एका नटीला बारा खुर्च्यांचं टेबल हवं होतं. मॅडमनी टेबल दिलं, आणि न मागता स्वयंपाकघराच्या खिडकीपाशी एक कट्टाही दिला. बाई रोज त्या कट्ट्यावर ताट मांडीत घेऊन जेवते. टेबलावर पाहुणे जेवतात.

मोठ्या माणसांच्या कामात गुपित राखावं लागतं. नकाशा छपाईच्या दुकानात गेला आणि कुणी त्याचा फोटो काढला, तर फाटकाबाहेर गर्दी व्हायला दोन दिवस पुरतात. म्हणून आमच्या ड्रॉइंगवर मालकाचं नाव नसतं, भाजीचं असतं. घेवडा, दोडका, शेपू, पडवळ. ही मॅडमची युक्ती. ऑफिसातली पंजाबी पोरं-पोरी गंभीर चेहऱ्यानं विचारतात, "भाजी, दोडके का जिना कहाँ तक आया?" भाजी म्हणजे पंजाबीत दादा. पहिल्या आठवड्यात मला वाटलं होतं, मलाही कोड पडलंय.

मी या ऑफिसात आलो तो मखरामुळं. मी सांगली जिल्ह्यातला, खानापूर तालुक्यातला. आमच्या भागातली माणसं गलाईच्या धंद्यात देशभर पसरली आहेत. सराफाचं जुनं सोनं वितळवायचं, तेजाबात घालून शुद्ध करून द्यायचं, ती गलाई. माझे मामा लुधियान्याला होते. नववीला गचकलो तसं आईनं मला त्यांच्याकडं धाडलं. गलाईच्या खोलीला खिडकी नसते, कारण आत सोनं असतं. लोखंडी दार, एक बल्ब, भट्टी, आणि तेजाबाच्या भांड्यातून निघणारा पिवळा-तांबूस धूर. काम तिथंच आणि झोपणंही तिथंच, सोन्याला राखण हवी म्हणून. मामा गमतीनं म्हणायचे, "भाच्या, सोन्याशेजारी झोपणारी माणसं आपण, गरीब कोण म्हणंल?" सहा वर्षांत त्यांचा आवाज बसला तो बसलाच. मग बाजारातून चालताना ते दर दहा पावलांवर थांबायचे आणि दुकानांच्या पाट्या वाचल्यासारखं करायचे. त्यांना दम लागतोय हे मला फार उशिरा कळलं. गावी नेऊन घातलं. पन्नाशी त्यांनी बघितली नाही.

त्यानंतर मी भट्टीवर बसलो नाही. चंडीगडला गाववाल्यांकडं राहून मिळंल ते काम करत होतो. इथल्या मराठी फौजी कुटुंबांचा गणपती बसतो, त्यात आम्ही गलाईवालेही असतो आणि मोठ्या दवाखान्यातले मराठी डॉक्टरही असतात. त्या वर्षीचं मखर मी केलं होतं, थर्माकोलचं, पाच कमानींचं. मॅडम दर्शनाला आल्या आणि मूर्तीकडं पाठ करून कमानीच बघत राहिल्या. "ही मधली कमान पडत कशी नाही?" त्यांनी विचारलं. मी म्हणालो, "दोन्ही बाजूच्या तिला ढकलतात ना, मग ती कुठं जाणार?" त्यांनी मला सोमवारी ऑफिसात बोलावलं.

त्यांनी मला आधी पेन्सिलनं रेघ ओढायला शिकवली. मग सेक्टर चौतीसमध्ये कॉम्प्युटरच्या क्लासला घातलं. तिथल्या जिन्यांवरून इंजिनिअर व्हायला निघालेली मुलं माझ्या अंगावरून धावत जायची, आणि मी वही छातीशी धरून भिंतीला चिकटून चढायचो. इंग्रजी मला आजही तुटकं येतं. पण कॉम्प्युटरवरची रेघ इंग्रजीत नसते. मॅडमचं माझ्यावर किती ऋण आहे हे मला पाठ आहे. बायको, मुलगी, झीरकपूरचं दोन खोल्यांचं घर, सगळं त्या सोमवारपासूनचं. म्हणूनच पुढचं सांगताना हात थोडा जड होतो.

पडवळ हा गायक. खरं नाव सांगितलं तर तुम्ही गुणगुणायला लागाल. त्यानं चंडीगडलगत मुल्लानपूरला चार कनालांचा प्लॉट घेतला होता. एक कनाल म्हणजे आपले पाच गुंठे, तेव्हा वीस गुंठे धरा. भोवती अर्धी शेती, अर्ध्या क्रेन. त्याला काय काय हवं होतं याची यादी मॅनेजरनं पाठवली. बुटांची काचेची खोली, तिला वेगळा एसी. कुत्र्यांची खोली, बागेच्या बाजूला खिडकी. तळघरात थिएटर. लिफ्ट. यादी वाढत गेली तसं तळमजल्यावरचं एकेक काहीतरी बाहेर पडत गेलं. शेवटी घरात राहणारी चार कामाची माणसं, म्हणजे स्वयंपाकी, ड्रायव्हर आणि दोघं घरकामाचे, त्यांची खोली तळघरात गेली. थिएटरच्या मागं, जनरेटरच्या भिंतीला लागून. खिडकी नाही, कारण तळघराला बाहेरच नव्हतं.

अशी खोली मंजुरीच्या नकाशात झोपायची म्हणून दाखवता येत नाही. त्याला आमच्या धंद्यात सोपा उपाय आहे. तिच्यावर "स्टोअर" असं लिहायचं. कॉम्प्युटरवरचं ड्रॉइंग म्हणजे एकावर एक ठेवलेले पारदर्शक कागद, त्यांना लेयर म्हणतात. भिंतींचा एक, दारांचा एक, फर्निचरचा एक. साइटवर जाणाऱ्या सेटमध्ये फर्निचरची लेयर चालू असते, मंजुरीच्या सेटमध्ये बंद करतात. एका क्लिकमध्ये पलंग गायब, आणि स्टोअर नुसतं स्टोअर उरतं.

मंजुरीचा सेट मी छापायला दिला आणि ती लेयर बंद करायची विसरलो.

खरंच विसरलो. पुढं ऑफिसात अर्ध्या लोकांना वाटलं मी मुद्दाम केलं, आणि एकदोघांनी मनातल्या मनात मला शाबासकीही दिली असावी. पण बावीस वर्षांत मी इतका घाबरलो नव्हतो, त्यावरून समजा.

सकाळी दहाच्या सुमाराला आमच्या फायली फिरवणारे सरदारजी आले. पांढरी दाढी, खिशात पाच रंगांची पेनं, आणि मला कायम "मराठे" म्हणणार. फाइल बारापर्यंत जमा करायची होती. त्यांनी शीट घडी घालायला उघडली आणि चष्मा कपाळावर ढकलला.

"ओ मराठे. ये स्टोअर में चार मंजे किसके लिए? आलू सोएँगे?"

मंजा म्हणजे खाट. सगळे हसले. मीही हसलो आणि कागद बघायला गेलो.

स्क्रीनवर ते पलंग मी कितीतरी वेळा बघितले होते. मीच मांडले होते. तीन सरळ बसत होते, चौथा बसत नव्हता, म्हणून त्याला आडवा करून उशीची बाजू जनरेटरच्या भिंतीला दिली होती, आणि बसला म्हणून मला बरंही वाटलं होतं. आता त्या पांढऱ्या कागदावर माझ्याच रेघांत चार पलंग, चार उशा, आणि वर मीच टाकलेला शब्द, स्टोअर. कागदाच्या कोपऱ्यात चौकट असते, कुणी डिझाइन केलं, कुणी काढलं, कुणी तपासलं. "काढलं" पुढं माझी आद्याक्षरं. मी तो कागद धरून उभा राहिलो, आणि आमच्यातली पटियाल्याची मुलगी, डिग्रीवाली आर्किटेक्ट, म्हणाली, "भाजी, कोई ना. मैं बंद कर देती हूँ, दो मिनट." तिनं माउसला हात घातला. मी तिचा हात धरला नाही, पण म्हणालो, "बेटा, रुको."

"क्यों?"

तेवढ्यात मॅडम आल्या.

त्यांना दोन वाक्यांत कळलं. त्या चिडल्याही नाहीत, हिंदीत म्हणाल्या, "होतं असं. लेयर बंद कर, परत प्रिंट काढ. बारा वाजायला वेळ आहे."

"मॅडम, मी नाही करत," मी म्हणालो.

माझाच आवाज मला ऐकू आला. सरदारजींनी घडी घालणं थांबवलं. मॅडमनी मला केबिनमध्ये बोलावलं, दार लोटलं, आणि मराठीत आल्या. त्या मराठीत येतात तेव्हा एकतर फार प्रेम असतं नाहीतर फार राग.

"काय झालंय तुला?"

"तिथं माणसं झोपणार आहेत."

"मला माहीत आहे. मीच दिलीय ती खोली."

"जनरेटर शेजारी आहे. हवा यायला काही नाही."

"एक्झॉस्ट फॅन आहे."

"लाइट गेल्यावर?"

"जनरेटर आहे ना." एवढं बोलून त्या स्वतःच थांबल्या. लाइट गेल्यावर पंख्यासाठी जनरेटर लागणार, आणि जनरेटरचा धूर पंख्यापाशी. त्यांनी टेबलावरची पेन्सिल उचलली, ठेवली. "बरं. म्हणजे आता तू मला आर्किटेक्चर शिकवणार."

"मला ते येत नाही मॅडम. झोपायला हवा लागते, एवढं येतं."

"आणि याआधी? शेपूच्या घरात? घेवड्याच्या? तिथल्या स्टोअरमध्ये कोण झोपतं, बटाटे? तेव्हा लेयर कुणी बंद केली?"

हे बोलायला त्यांच्याजवळ पुरता हक्क होता. मी उभ्या उभ्या मनात घरं आठवत गेलो. "अकरा," मी म्हणालो.

"काय अकरा?"

"अशी अकरा स्टोअरं मी काढलीत. सगळ्यांवर माझी अक्षरं आहेत. बाराव्यावर नको."

"मी तुझी अक्षरं काढून टाकते. बाहेरच्या पोरीची घालते."

"घाला. पण माझ्यासमोर घाला."

हे मी का म्हणालो, आजही नीट सांगता येत नाही. धमकी नव्हती. माझ्याकडं धमकी द्यायला होतं काय? मी मामांची गोष्ट सांगितली. इतक्या वर्षांत त्यांना ती सांगितली नव्हती. गलाईत होतो एवढंच त्यांना ठाऊक होतं. पाट्या वाचायचं नाटक सांगताना माझा आवाज फाटला आणि मला त्याचा राग आला, कारण मला दया नको होती, खिडकी हवी होती. मॅडम ऐकून घेतल्यावर म्हणाल्या, "घरी जा."

"मला कामावरून काढलं म्हणायचं का?"

"घरी जा म्हटलं ना. मला तुझं तोंड बघायचं नाही आज."

दुपारी बाराला मी झीरकपूरला दारात उभा. बायको आटपाडीची. तिनं दार उघडलं आणि पहिलं विचारलं, "कोण गेलं?" मी सगळं सांगितलं. तिनं गॅस बंद केला.

"तुमच्या मामांचं मला वाईट वाटतं. पण ते परत येणार हायत का? आणि ती चार माणसं तुमच्या वळखीची हायत? एकाचं तरी नाव ठाव हाय?"

"नाही."

"मग?"

"मग काय. झोपतील तर खरी."

"आपण कुठं झोपायचं त्याचा बी नकाशा काढून ठेवा."

मुलगी अकरावीत, ऑनलाइन क्लास चालू होता, तिनं एका कानातलं काढून विचारलं, "पापा, आपने सॉरी बोला?" मी म्हणालो, "विसरल्याबद्दल बोललो." ती म्हणाली, "तो फिर ठीक है," आणि कानातलं परत घातलं. तिला मराठी सगळं कळतं, उत्तर हिंदीत येतं. त्या दुपारी ते हिंदी मला फार गोड लागलं. पण संध्याकाळपर्यंत मी तीनदा फोन उचलला, मॅडमना चुकलो म्हणायला. तीनदा ठेवला. भीती काही आपण एकदा शूर झालो म्हणून सुट्टीवर जात नाही, ती आपल्याबरोबर जेवायला बसते. मी जेवलो. पण नंबर लावला नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी साडेनऊला मॅडमचा फोन. "मुल्लानपूरला ये. टेप आण, चुना आण."

साइटवर फक्त त्या, डोक्याला स्कार्फ, हातात पेन्सिलचं स्केच. काल फाइल जमा झालीच नव्हती. सरदारजींना त्यांनी रिकाम्या हातानं परत पाठवलं होतं, हे मला सरदारजींकडूनच नंतर कळलं. मॅडम माझ्याशी अवाक्षर जास्तीचं बोलल्या नाहीत. "इथून धर. पाच फूट. अजून. चुना टाक." थिएटरची लांबी पाच फुटांनी कमी करायची आणि तळघराला लागून जमिनीत खोल, वरून उघडा चौक काढायचा, म्हणजे खोलीला एक भिंत बाहेरची मिळते. जनरेटर पलीकडच्या कोपऱ्यात, धूर शेताकडं. मी चुन्याची रेघ ओढत गेलो. शेवटी त्या चौकाच्या मधोमध उभ्या राहिल्या, वर बघितलं आणि म्हणाल्या, "मला काल रात्री माझी आठवण आली, नीट काम करायचे तेव्हाची." मग लगेच, "पण पडवळाला हे तू सांगायचं. माझ्यावर ढकलायचं नाही."

पडवळ तेव्हा भाड्याच्या कोठीत राहत होता. सोफ्यावर मांडी घालून बसलेला, टीव्हीवर दिसतो त्यापेक्षा लहान चणीचा आणि बराच थकलेला. मॅनेजर शेजारी उभा. मॅडमनी स्केच पसरलं.

"थिएटर पाच फूट छोटा?" मॅनेजर म्हणाला. "मॅडम, ये किसका आयडिया है?"

मॅडमनी माझ्याकडं हनुवटी केली. "इनका."

"आप आर्किटेक्ट हो?"

"नहीं जी," मी म्हणालो. "मैंने ड्रॉइंग बनाया है. जहाँ आपके चार लोग सोएँगे, वहाँ हवा नहीं थी. ग़लत बनाया था. अब ठीक किया है."

"बेसमेंट में सबके यहाँ ऐसे ही होता है यार."

"होता है. मैंने ही बनाए हैं. अब नहीं बनाऊँगा."

मॅनेजर मॅडमकडं वळून म्हणाला की शहरात आर्किटेक्ट पुष्कळ आहेत. मॅडम म्हणाल्या, "बिल्कुल हैं. नंबर दूँ?" मला त्या क्षणी त्यांच्या पाया पडावंसं वाटलं आणि बाथरूमलाही जावंसं वाटलं.

पडवळ पुढं वाकला आणि स्केचमधल्या चौकावर बोट ठेवलं. "यहाँ ऊपर से धूप आएगी?"

"ग्यारह से दो," मॅडम म्हणाल्या.

"सीधी?"

"सीधी. दीवार पे."

"ओए, ये तो शूट के लिए मस्त है." तो मॅनेजरला म्हणाला. "थिएटर में कौन-सा मैंने रोज़ बैठना है. कर दो."

झालं. चार माणसांच्या श्वासाबद्दल त्यानं काही विचारलं नाही. मी एवढा तयारी करून गेलो होतो, मामांची गोष्ट हिंदीत मनात दोनदा म्हणून बघितली होती, आणि सगळं उन्हाच्या एका पट्ट्यावर मिटलं. गाडीत मी स्केच पुन्हा पुन्हा गुंडाळत बसलो. मॅडम म्हणाल्या, "चिडलास? खिडकी पाहिजे होती की कौतुक?"

"खिडकी," मी म्हणालो. थोडं खोटं होतं ते.

नकाशात त्या खोलीवर मी "स्टाफ बेडरूम" लिहिलं आणि फर्निचरची लेयर चालू ठेवून सेट छापला. सरदारजींनी घडी घालताना म्हटलं, "आज आलू को छुट्टी." फाइल गेली.

पण एवढ्यानं संपत नाही. घर पूर्ण होत आलं तेव्हा मी साइटवर गेलो, तर खिडकी बसवणारा कारागीर त्या खोलीत अखंड काच बसवत होता, न उघडणारी. मॅनेजरचा निरोप होता, चौकात शूटिंग होणार, उघड्या झडपा मागं वाईट दिसतात. मी ड्रॉइंग दाखवलं. तो म्हणाला, "भाईसाब, मेरे को जो बोला वो लगाऊँगा." मी त्या खिडकीच्या चौकटीत जाऊन बसलो. पाय चौकात सोडून. "मग माझ्यावरून लाव," मी त्याला मराठीतच म्हणालो. त्याला शब्द कळले नसतील, बसणं कळलं. त्यानं मॅनेजरला फोन लावला. मॅनेजर फोनवर काय काय म्हणाला ते इथं लिहीत नाही. मी दोनच वाक्यं धरून होतो, "नक़्शे में खुलती है. नक़्शा पास है." दुपारचं जेवण मी तिथंच बसून केलं. चारच्या सुमाराला उघडणाऱ्या झडपा आल्या.

आता त्या चौकात तीन-चार गाण्यांचं शूटिंग झालंय. ते चालू असताना आतल्यांना खिडकी लावून पडदा ओढायला सांगतात. स्वयंपाकी हिमाचलचा आहे, एकदा साइटच्या कामासाठी गेलो तर भेटला. मी विचारलं, खिडकी उघडता की नाही. तो म्हणाला, "शूट खतम होते ही. बांबू लगाके मच्छरदानी बाँधते हैं, मच्छर बहुत आते हैं जी." मी त्याला जाळी लावून दिली. त्या खिडकीमागं काय काय घडलं हे त्याला माहीत नाही. ते त्याला सांगण्यासारखं काही नव्हतंच.

ती अकरा घरं उरतात. मी मॅडमच्या मागं लागलो की त्या लोकांना विचारू. त्यांनी विचारलं, एकेकाला, स्वतः फोन करून. दोघांनी भिंत फोडू दिली. एकानं आमचं पुढचं काम काढून घेतलं. बाकीच्यांनी बघू म्हटलं आणि ते अजून बघताहेत. त्या खोल्यांच्या कागदांवर माझी अक्षरं आहेत आणि ती पुसायची सोय नाही. पटियाल्याची मुलगी मला म्हणाली, "भाजी, आप एक कमरे के लिए इतना लड़े, बाकी का क्या?" मी म्हणालो, बाकीच्यांचं ओझं आहे, पण म्हणून ही एक खोलीही सोडून द्यायची होती का? ती आता स्वतःचं ऑफिस काढायच्या विचारात आहे. काढू दे. तिथंही कुणीतरी "रुको" म्हणणारा मिळो.

मॅडमनी मला काढलं नाही. त्यांनी त्या दिवसाबद्दल नंतर माफीही मागितली नाही आणि मीही नाही. फक्त नव्या मालकाच्या पहिल्या बैठकीला आता त्या मला बरोबर नेतात. सगळ्यांच्या मागण्या लिहून झाल्या की मी विचारतो, घरात राहणारी माणसं किती आणि ती झोपणार कुठं. इंग्रजीत हे वाक्य मी मुलीकडून बसवून घेतलंय. दोन मालक त्या प्रश्नानंतर परत आले नाहीत. मॅडम हिशेबी चेहऱ्यानं म्हणाल्या होत्या, "तुझा प्रश्न मला महागात पडतो." पुढच्या बैठकीला गाडीत बसताना त्यांनीच विचारलं, "प्रश्न पाठ आहे ना?"

मागच्या आठवड्यात एका क्रिकेटवाल्याकडं गेलो होतो. बायको, भाऊ, सल्लागार, सगळे बसलेले. जिम लिहून झालं, पोहण्याचा तलाव झाला, ट्रॉफ्यांची भिंत झाली. मी प्रश्न विचारला. भाऊ हसला आणि म्हणाला, "अरे, वो तो कहीं भी एडजस्ट हो जाएँगे." मॅडम खिडकीबाहेर बघत राहिल्या. त्यांनी मला वाचवलं नाही आणि थांबवलंही नाही.

मी वहीचं नवं पान उघडलं, वर "स्टाफ" असं लिहिलं आणि म्हणालो, "कहीं भी नहीं चलेगा जी. जगह बताइए."